विद्यार्थ्याच्या ज्ञानाची पारख

‘परीक्षा’ हा शब्द ‘ईक्ष्’ म्हणजे पाहणे या संस्कृत धातूपासून झालेला असून त्याच्या आरंभी ‘परि’ हा उपसर्ग लागलेला आहे. ‘परि’ म्हणजे सभोवार. तेव्हा परीक्षा म्हणजे एखादी वस्तू चोहोबाजूंनी न्याहाळणे, असा त्या शब्दाचा मूळ अर्थ होतो. सराफ सोने कसोटीवर घासतो, तापवतो आणि प्रसंगी तोडून आतूनही पाहतो. वैद्य नाडी पाहतो, जीभ पाहतो, डोळे पाहतो आणि मग रोग्याला चार प्रश्न विचारतो. शिक्षणाच्या प्रांतात मात्र ‘परि’ हा उपसर्ग आम्ही केव्हाच गमावून बसलो आहो. तीन तास, एक कागद आणि शेवटी एक आकडा, एवढ्यावर मुलाचे सारे ज्ञान तोलले जाते. आणि तो आकडा घरी आला म्हणजे माजघरापासून ओसरीपर्यंत सर्वांच्या मुखी तोच होतो. मुलाला काय येते, काय येत नाही आणि जे येत नाही ते का येत नाही, हे मात्र त्या आकड्यावरून कोणासही कळत नाही.

आमची उभी हयात जुन्नर तालुक्यात, लेण्याद्रीच्या पंचक्रोशीत, मुले शिकविण्यात गेली. सेवानिवृत्त होऊन आता बरीच वर्षे लोटली, तरी हा विषय मनातून जात नाही. सबब त्याविषयी अनुभवाने व वाचनाने जे काही जमले आहे, ते वाचकांपुढे ठेवावे असे योजिले आहे. विषय शिक्षकांचा दिसला तरी तो घराचाही आहे. कारण ज्या घरात आजीआजोबा, काकाकाकू आणि चुलतभावंडे एकत्र नांदतात, त्या घरात मुलाची परीक्षा शाळेपेक्षाही अधिक वेळा होत असते.

लेण्याद्री हे अष्टविनायकांपैकी गिरिजात्मजाचे स्थान म्हणून सर्वश्रुत आहे. कुकडी नदीच्या खोऱ्यातील या दक्षिणाभिमुख डोंगरात सुमारे तीस बौद्ध लेणी एका ओळीत कोरलेली असून, त्यांपैकी सातव्या लेण्यात श्रीगणेशाची स्थापना आहे. हे लेणे म्हणजे मूळचा एक प्रशस्त विहार होय. मधे मोठे दालन, दोन्ही अंगांस सात-सात आणि पाठीमागे सहा अशा भिक्षूंच्या वीस खोल्या, आणि एवढ्या विस्तीर्ण छताखाली मधे एकही खांब नाही. शेजारचे सहावे लेणे हे चैत्यगृह आहे आणि ते कल्याणच्या सुलसदत्त नावाच्या गृहस्थाने दान दिल्याचा ब्राह्मी लिपीतील लेख तेथे आहे. सुमारे तीनशे पायऱ्या चढून वर जावे लागते. आमच्या मुलांस ही जागा घरच्या अंगणासारखी परिचित. म्हणून वर्गातल्या प्रश्नांची उत्तरे ज्यांना पाठ आहेत, त्यांस खरोखर काय समजले आहे हे पाहण्यास आम्हांस या डोंगराएवढी सोयीची जागा दुसरी सापडली नाही.

एक उदाहरण देतो. सातवीच्या वर्गात ‘लेणे म्हणजे काय?’ असे विचारले की दहापैकी नऊ मुले ‘खडकात कोरून काढलेली वास्तू’ असे बिनचूक सांगतात. लेखी उत्तरपत्रिकेत या उत्तराला पूर्ण गुण मिळतात आणि तेही योग्यच आहे. पण त्याच मुलांस सातव्या लेण्यात उभे करून आम्ही विचारीत असू, “येथे आधी काय तयार झाले? जमीन की छत?” बहुतेक मुले क्षणाचाही विलंब न लावता म्हणत, “जमीन!” कारण घर बांधताना आधी पाया, मग भिंती आणि शेवटी छप्पर, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलेले. क्वचित एखादे मूल मात्र छताकडे टक लावून पाहत राही आणि सावकाश म्हणे, “गुरुजी, वरून खाली कोरत आले असतील तर छत आधी झाले असेल.” मग दुसरा प्रश्न : “मधे खांब नाही, तरी छत खाली का येत नाही?” ज्याला पहिल्या प्रश्नाचे उत्तर खऱ्या अर्थाने समजले, तो सांगे की हे छत कोणी वर चढवून ठेवलेले नाही, तो डोंगरच आहे, आपण फक्त त्याच्या पोटातला दगड काढून नेला. ‘कोरणे’ आणि ‘बांधणे’ या दोन क्रियांतील भेद ज्याच्या मनात उतरला, त्यालाच हे सुचते. व्याख्या दोघांनाही येत होती. ज्ञान एकालाच झाले होते. ज्या प्रश्नाचे उत्तर पुस्तकात आयते लिहिलेले नाही, पण पुस्तक समजले असल्यास देता येते, तोच प्रश्न पारख करण्यास योग्य, हे सूत्र आम्ही येथूनच बांधले.

आपल्या पूर्वजांस हे माहीत नव्हते असे मुळीच नाही. मिथिलेच्या पाठशाळांतून शलाकापरीक्षा नावाची एक पद्धती होती. परीक्षक पोथीच्या पानांच्या गठ्ठ्यात एक शलाका म्हणजे सळई खुपसी, आणि ती ज्या पानापर्यंत पोहोचेल त्या पानावरील विषयाचे विवरण विद्यार्थ्याने करावयाचे. कोणते पान निघेल हे कोणालाच ठाऊक नसल्याने ‘महत्त्वाचे प्रश्न’ निवडून तेवढेच घोकण्यास वाव नसे. वेदपाठशाळांतील रीत निराळी. तेथे संहिता, पद, क्रम, जटा, घन अशा निरनिराळ्या प्रकारांनी तेच मंत्र म्हणावयाचे. शब्द पुढेमागे उलटसुलट गुंफले जात असल्याने एका अक्षराची चूकही झाकून राहत नाही. तेथील हेतू अर्थाचा शोध घेणे हा नसून पाठाची शुद्धता राखणे हा होता, आणि त्या हेतूला ती परीक्षा अगदी नेमकी होती. तात्पर्य, काय पारखावयाचे हे आधी ठरवावे आणि मग साधन निवडावे. दूध मापण्याचे माप घेऊन कापड मोजू नये.

महाभारतातील द्रोणाचार्यांची परीक्षा तर सर्वांच्या माहितीची आहे. झाडावरील पक्ष्यावर नेम धरावयास सांगून आचार्यांनी प्रत्येकाला आधी एकच प्रश्न विचारला : तुला काय दिसते? युधिष्ठिराला झाड, पक्षी, भाऊ, गुरू असे सर्वच दिसत होते; अर्जुनाला पक्ष्याच्या डोक्यावाचून काही दिसत नव्हते. ही कथा आपण एकाग्रतेचे उदाहरण म्हणून सांगतो. पण शिक्षकाच्या दृष्टीने तिच्यात आणखी एक मर्म आहे. द्रोणांनी बाण सुटण्यापूर्वीच प्रश्न विचारला. बाण लागला की चुकला एवढेच पाहून ते थांबले असते, तर कोण चुकला हे कळले असते, तो का चुकला हे कळले नसते. कालिदासाने ‘मालविकाग्निमित्रा’त गणदास आणि हरदत्त या दोन नाट्याचार्यांचा कलह रंगविला आहे. श्रेष्ठ कोण याचा निवाडा पंडिता कौशिकीकडे येतो, आणि ती दोघा आचार्यांची नव्हे तर त्यांच्या शिष्यांच्या कलेची परीक्षा घेण्याचे ठरविते. स्वतःला विद्या येणे आणि ती दुसऱ्याच्या ठिकाणी उतरविता येणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हा विचार त्या प्रसंगाच्या मुळाशी आहे. म्हणजे शिष्याची परीक्षा ही नेहमी गुरूचीही परीक्षा असते. ही गोष्ट आम्ही शिक्षकांनी भिंतीवर लिहून ठेवण्याजोगी आहे.

महाराष्ट्रातील जुन्या गावठी शाळेत लेखी परीक्षा नव्हतीच. पंतोजींपुढे धुळपाटीवर अक्षरे गिरवावयाची, पाढे, पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी, औटकी तोंडपाठ म्हणावयाची आणि दिवेलागणीला घरी परवचा. पेशवाईत पुण्यास श्रावणात विद्वानांना दक्षिणा देण्याची चाल होती व त्यासाठी शास्त्रीमंडळींची योग्यता पाहिली जाई. पुढे इंग्रजी अंमलात १८२१ साली विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा निघाली. हे सर्व प्रायः तोंडी चाले. कागदावरच्या परीक्षेचे राज्य खऱ्या अर्थाने सुरू झाले ते १८५७ साली मुंबई विद्यापीठाची स्थापना होऊन १८५९ साली पहिली मॅट्रिकची परीक्षा झाली तेव्हापासून. न्यायमूर्ती रानडे आणि डॉक्टर भांडारकर हे त्या पहिल्या तुकडीतले. मॅट्रिक जाऊन एस.एस.सी. आली आणि १९७५ पासून ती दहावीला होऊ लागली. परंतु बंद लिफाफ्यातली प्रश्नपत्रिका आणि क्रमांक घातलेली उत्तरपत्रिका हे तिचे स्वरूप कायम राहिले.

लेखी परीक्षेला नावे ठेवण्याची आजकाल मोठी हौस आहे. आम्हांस ती हौस नाही. तोंडी परीक्षेत परीक्षकाच्या मर्जीला, ओळखीपाळखीला आणि विद्यार्थ्याच्या पेहरावालाही महत्त्व येऊ शकते. लेखी परीक्षेत उत्तर लिहिणारा मुलगा कोणाचा, कोणत्या आळीतला, कोणत्या जातीचा, हे तपासणाऱ्याला कळत नाही. अडल्यानडल्या घरातली कित्येक मुले केवळ या निनावी न्यायामुळे वर आली, हे विसरून चालणार नाही. लेखी परीक्षेचा दोष तिच्या असण्यात नाही, ती एकटीच असण्यात आहे.

आणि त्या एकटेपणाला पैसा चिकटला म्हणजे काय होते, याचाही दाखला इतिहासात आहे. इंग्लंडात १८६२ साली निकालावर अनुदान देण्याचा नियम झाला. तपासनीस यावा, मुलांनी वाचून, लिहून व गणिते करून दाखवावीत आणि उत्तीर्ण मुलांच्या संख्येवर शाळेला पैसे मिळावेत, अशी ती योजना होती. आपल्याकडे मुंबई इलाख्यातही त्या तत्त्वाचा अवलंब झाला. परिणाम असा झाला की नेमलेले पुस्तक मुलांकडून इतके घटवून घेतले जाई की पुस्तक उलटे धरले तरी मूल ते ‘वाची’. मॅथ्यू आर्नल्ड हा इंग्लंडचा थोर कवी स्वतः शाळातपासनीस होता व त्याने या पद्धतीवर कडक टीका केली. शतक संपता संपता तेथे ती सोडून द्यावी लागली. मोजमापाला बक्षीस किंवा शिक्षा जोडली की लोक मोजमाप सुधारतात, वस्तू नव्हे. हा धडा प्रत्येक पिढीला नव्याने शिकावा लागतो असे दिसते.

आता हल्लीच्या व्यवस्थेकडे वळू. बालकांच्या शिक्षणहक्काचा कायदा १ एप्रिल २०१० पासून अमलात आला. त्याला अनुसरून महाराष्ट्रात त्याच वर्षी पहिली ते आठवीसाठी सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन सुरू झाले. त्याचे दोन भाग : शिकत असताना होणारे ते आकारिक आणि सत्राच्या अखेरीस होणारे ते संकलित. पहिली-दुसरीला आकारिक भागास शंभरांत ७० गुण, तिसरी-चौथीला ६०, पाचवी-सहावीला ५० आणि सातवी-आठवीला ४०, अशी वाटणी केली गेली. आकारिक मूल्यमापनासाठी दैनंदिन निरीक्षण, तोंडी काम, प्रात्यक्षिक, उपक्रम, प्रकल्प, चाचणी, स्वाध्याय व वर्गकार्य आणि इतर अशी आठ साधने सांगितली. वाचकांनी विचार करून पाहावा : ‘परि’ हा हरवलेला उपसर्ग कायद्याने परत आणला, असेच हे होते. एवढी शहाणी योजना क्वचितच कागदावर उतरली असेल.

परंतु कागदावर उतरली ती पुष्कळ ठिकाणी कागदावरच राहिली. पन्नास मुलांच्या वर्गात प्रत्येक मुलाची प्रत्येक विषयाची आठ साधनांनी नोंद ठेवावयाची, म्हणजे शिक्षकाचे डोळे मुलांवरून उठून नोंदवहीवर खिळले. ‘वाचन सुधारत आहे’, ‘गणितात रस घेतो’ अशी ठराविक वाक्ये एकीवरून दुसऱ्या वहीत उतरू लागली. शिवाय आठवीपर्यंत कोणास मागे ठेवावयाचे नाही या नियमाचा अर्थ ‘कोणास तपासावयाचे नाही’ असा चुकीचा केला गेला. पुढे २०१९ साली कायद्यात दुरुस्ती झाली व महाराष्ट्राने २०२३-२४ पासून पाचवी व आठवीला वार्षिक परीक्षा पुन्हा आणली. अनुत्तीर्ण मुलास जादा मार्गदर्शन देऊन फेरपरीक्षेची संधी द्यावयाची असेही ठरविले. या प्रश्नावर दोन्ही बाजूंनी बोलण्यासारखे आहे. आमचे म्हणणे एवढेच की मागे ठेवल्याने मूल शिकत नाही आणि पुढे ढकलल्यानेही शिकत नाही. कोठे अडले आहे हे पाहून तेथे हात दिला, तरच ते शिकते.

कोठे अडले आहे हे पाहण्याचा एक साधा नमुना ‘प्रथम’ या मुंबईत उगम पावलेल्या संस्थेने घालून दिला आहे. ‘असर’ या नावाची त्यांची पाहणी २००५ पासून खेडोपाडी होत आली आहे. पाहणी करणारा घरी जातो, मुलाजवळ बसतो आणि एक कागद पुढे ठेवतो. त्यावर अक्षरे, साधे शब्द, पहिलीच्या पातळीचा लहानसा परिच्छेद आणि दुसरीच्या पातळीची एक गोष्ट असते. मूल कोणत्या पायरीपर्यंत वाचते एवढेच पाहावयाचे. देशातील ग्रामीण भागात तिसरीतील जी मुले दुसरीची गोष्ट वाचू शकत होती त्यांचे प्रमाण २०१८ साली शंभरांत २७.३ होते, महामारीनंतर २०२२ साली ते २०.५ पर्यंत घसरले आणि २०२४ साली २७.१ वर आले. म्हणजे सावरल्यावरदेखील तिसरीतील चारांपैकी जवळजवळ तीन मुलांस दुसरीची गोष्ट वाचता येत नाही. हे सत्य एकाही गुणपत्रिकेने सांगितले नव्हते. ते पाच मिनिटे शेजारी बसून वाचून घेतल्याने कळले.

आमच्या भागातील एक हकीकत येथे सांगितल्यावाचून राहवत नाही. जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांच्या पश्चिमेकडील डोंगराळ पट्ट्यात महादेव कोळी व ठाकर समाजाच्या वाड्या आहेत. पावसाळी भात आणि रानातला हिरडा हे तेथील उपजीविकेचे मोठे साधन. अशाच एका वाडीवरची एक मुलगी पाचवीला आमच्या वर्गात आली. मागील शाळेच्या नोंदीत तिच्या नावापुढे गणितात ‘अप्रगत’ असा शेरा होता. शाब्दिक उदाहरणे ती कोरी सोडी. घरचे म्हणत, हिला शाळेत ठेवून काय उपयोग, गुरे तरी राखील. एके दिवशी आम्ही पुस्तक मिटले आणि विचारले, “हिरड्याचा भाव किलोला १२० रुपये धरला, तर साडेतीन किलोचे किती?” तिने वर पाहिले आणि म्हणाली, “तीन किलोचे तीनशेसाठ, अर्ध्याचे साठ. चारशेवीस.” मग जरा थांबून पुढे म्हणाली, “पण तोलताना पाव किलो कमीच धरतात. म्हणजे तीनशेनव्वद हातात येतील.”

वाचकहो, या मुलीला गुणाकार येत होता, अपूर्णांक येत होता, वजाबाकी येत होती आणि व्यवहारही येत होता. तिला येत नव्हती ती पुस्तकातील भाषा. ‘एका दुकानदाराने बारा डझन वह्या शेकडा दहा सवलतीने विकत घेतल्या’ या वाक्यातील दुकानदार, डझन आणि सवलत या तिन्हींशी तिची ओळख नव्हती. परीक्षा गणिताची म्हणून घेतली जात होती आणि नापास होत होती ती तिची बोली. पुढील सहा महिने आम्ही तिला गणित शिकविलेच नाही. उदाहरणे वाचावयास शिकविले. प्रत्येक उदाहरण आधी तिने आपल्या शब्दांत सांगावयाचे, मगच पाटी घ्यावयाची. तिने पुढे दहावी पूर्ण केली. तो एक शेरा तसाच पुढे चालत राहिला असता, तर काय झाले असते हे सांगणे नलगे. मुलाच्या नावापुढे ‘ढ’ किंवा ‘अप्रगत’ लिहिताना लेखणी थरथरली पाहिजे, असे आम्ही म्हणतो ते यामुळेच.

आता व्यवहारास उपयोगी पडतील अशा काही रीती सांगतो.

पहिली रीत, चुकीचे उत्तर वाचावयास शिकणे. एका मुलाने ५२ वजा २८ बरोबर ३६ असे लिहिले. फुली मारून शिक्षक पुढे गेला, तर त्याला काही कळले नाही. नीट पाहिले तर दिसते की मुलाने आठातून दोन वजा केले. म्हणजे ‘मोठ्यातून लहान वजा करावयाचे’ हा नियम त्याने वर-खाली न पाहता लावला आहे. त्याला वजाबाकी येत नाही असे नाही. हातचा घेण्याचे कारण कळलेले नाही. चूक ही बहुधा आंधळी नसते, तिच्यामागे एक नियम असतो. तो नियम सापडला की अर्धे काम झाले.

दुसरी रीत, प्रश्न विचारल्यावर थांबणे. अमेरिकेतील मेरी बड रो या विदुषींनी वर्गांचे निरीक्षण करून दाखविले की प्रश्न विचारल्यानंतर शिक्षक सरासरी सुमारे एक सेकंदच थांबतात. तीन सेकंद थांबले तर मुलांची उत्तरे अधिक लांब व अधिक विचारपूर्वक येतात. लेण्यातील छताचे उत्तर सावकाशच येते. घाईने उत्तर मागणाऱ्याच्या पदरी पाठांतर पडते.

तिसरी रीत, उत्तराबरोबर त्याचा पुरावाही मागणे. लेण्याद्रीच्या पायऱ्या मोजावयास आम्ही मुलांच्या पाच टोळ्या केल्या की पाच निरनिराळे आकडे येत. मग आम्ही विचारावयाचे, “खरा आकडा कोणता, आणि तो खरा हे ठरवावयाचे कसे?” कोणी म्हणे, दर पन्नास पायऱ्यांस खडूची रेघ मारू. पण स्थळ पुरातत्त्व खात्याच्या रक्षणाखालचे, तेथे रेघ मारणे योग्य नव्हे. मग एकाने तोड काढली : दर पन्नास पायऱ्यांस खिशात एक खडा टाकावयाचा. ज्याला ही युक्ती सुचली त्याची मोजणी पहिल्या खेपेस चुकली होती. पण मोजणे म्हणजे काय हे त्यालाच उमगले होते.

चौथी रीत, ओळखीच्या वस्तूवर अनोळखी प्रश्न. नारायणगावाजवळ खोडद येथे रेडिओ दुर्बिणींचा जगप्रसिद्ध प्रकल्प आहे. त्याच्या एकंदर ३० तबकड्यांपैकी प्रत्येकीचा व्यास ४५ मीटर. परिघाचे सूत्र पाठ असलेल्या मुलास विचारावे, “तबकडीच्या कडेएवढ्या वर्तुळावरून एक फेरी मारलीस, तर तुझी किती पावले होतील?” सूत्राने १४१ मीटर सहज निघतात; पण त्यापुढे स्वतःचे पाऊल मोजावे लागते, आणि तेथे सूत्र पाठ असणारे व सूत्र कळलेले असे दोन गट आपोआप पडतात. तसाच दुसरा प्रश्न नाणेघाटाचा. तेथील सातवाहनांच्या शिलालेखात हजारांपर्यंतचे आकडे आहेत, पण शून्य नाही; दहा, वीस, शंभर यांना स्वतंत्र चिन्हे आहेत. “शून्य न वापरता तुम्ही एकशेसात कसे लिहाल?” असे विचारून पाहावे. स्थानमूल्य ज्याला समजले तो या प्रश्नाशी आनंदाने झटतो. ज्याने ‘एकक, दशक, शतक’ नुसते म्हटले आहे तो गोंधळतो.

पाचवी रीत, गुणांऐवजी शेरा. इस्रायलमधील रूथ बटलर यांनी १९८८ साली केलेल्या अभ्यासात असे आढळले की ज्या मुलांस केवळ काय सुधारावे याचा शेरा दिला, त्यांचे काम सुधारले. ज्यांस गुण दिले, किंवा गुण आणि शेरा दोन्ही दिले, त्यांचे तसे सुधारले नाही. कारण उघड आहे. आकडा दिसला की मूल शेजाऱ्याचा आकडा पाहते, शेरा वाचतच नाही. यास्तव निदान रोजच्या वहीवर तरी गुणांस फाटा देऊन ‘दुसरी पायरी पुन्हा पाहा’ असे एक वाक्य लिहावे.

सहावी रीत जुनीच आहे, ती म्हणजे परवचा. रोडिगर आणि कार्पिक या दोन मानसशास्त्रज्ञांनी २००६ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात काही विद्यार्थ्यांनी उतारा पुनःपुन्हा वाचला, तर काहींनी एकदा वाचून तो आठवून लिहिला. पाच मिनिटांनी पाहिले तेव्हा वाचणारे पुढे होते. आठवड्याने पाहिले तेव्हा आठवणारे पुढे गेले. म्हणजे आठवावयास लावणे ही नुसती तपासणी नव्हे, ते शिकविणेच होय. आपल्या आज्या दिवेलागणीला पुस्तकावाचून पाढे म्हणवून घेत, त्यात हेच होत होते. फक्त आजच्या परवच्यात पाढ्यांबरोबर एक प्रश्न वाढवावा : “आज शाळेत काय नवीन कळले ते मला शिकव बघू.” जो दुसऱ्याला शिकवू शकतो त्याला ते आले, जो ‘म्हणजे असं काहीतरी असतं’ म्हणून थांबतो, तो जेथे थांबला तेथेच त्याची अडचण आहे. हा प्रश्न विचारण्यास आजीला तो विषय येण्याची गरज नाही. किंबहुना तिला तो येत नसणेच उत्तम, कारण मग मुलाला सारे मुळापासून सांगावे लागते.

एकत्र कुटुंबातील वडीलधाऱ्यांस एक विनंती मात्र आग्रहाने करावयाची आहे. निकालाच्या दिवशी एकाच ओसरीवर दोन चुलतभावंडांच्या गुणपत्रिका शेजारी शेजारी मांडू नयेत. ज्याला अधिक गुण मिळाले त्याला त्या तुलनेत शिकण्यासारखे काही नसते, आणि ज्याला कमी मिळाले तो त्या दिवसापासून आपली अडचण लपवावयास शिकतो. अडचण लपविणारे मूल कोणत्याही परीक्षेच्या हाती लागत नाही. तुलना करावयाचीच तर मुलाच्या आजच्या वहीची त्याच्याच सहा महिन्यांपूर्वीच्या वहीशी करावी. जुन्या वह्या रद्दीत न घालता वर्षभर जपून ठेवाव्यात. मुलाची खरी प्रगती त्यांत दिसते आणि ती पाहताना मुलालाही धीर येतो.

शिक्षकबंधुभगिनींस तर एवढेच सुचवावेसे वाटते की आठही साधने एकाच आठवड्यात वापरण्याचा हव्यास सोडावा. दररोज पाच मुलांपाशी पाच-पाच मिनिटे बसावे, त्यांच्याकडून वाचून घ्यावे, एक ‘का?’ विचारावा आणि घरी जाण्यापूर्वी त्या पाचांविषयी एकेक खरी ओळ लिहावी. पन्नासांचा वर्ग दहा दिवसांत पुरा होतो आणि सत्रभरात अनेकदा फिरून येतो. अशी एक खरी ओळ ठराविक वाक्यांच्या दहा पानांपेक्षा अधिक उपयोगी पडते. कारण ती वाचून दुसऱ्या दिवशी काय शिकवावयाचे हे शिक्षकाला कळते. ज्या तपासणीने उद्याच्या शिकविण्यात काहीच बदल होत नाही, ती कितीही काटेकोर असली तरी व्यर्थ समजावी.

वार्षिक परीक्षा राहो, दहावीची परीक्षा राहो. जगात न्यायाने निवड करावयाची तर त्यांची गरज पडणारच. परंतु त्या दिवसाआधी वर्षभर मुलाकडे कोणीतरी चोहोबाजूंनी पाहिलेले असावे. ते पाहणारे शाळेत एक आणि घरात एक, असे दोघे जण ज्या मुलाला लाभले, त्याच्या निकालाची काळजी करण्याचे कारण आम्हांस तरी दिसत नाही.